कुंपणाच्या आतला माड

आमचं गाव आता कुंपणाच्या आत आहे. गाव म्हणायचं म्हणून म्हणायचं. आत घर नाही, माणूस नाही. देऊळ आहे, विहीर आहे आणि माड आहेत. बाकी सगळं गवत आणि बाभळी. तारापूरच्या बाजूला होडीतून जाताना लांबून माडांची रांग दिसते, ती आमची. बाहेरच्या माणसाला ती नुसती झाडं.

मी चौथी शिकलेला माणूस. पुढे बापाने होडीवर घेतलं. त्यामुळे गाव कधी वसलं, कोणी वसवलं, असलं मला विचारू नका. म्हातारे सांगायचे की चार भावांची होडी वादळात इथे लागली, ते उतरले आणि राहिले. खरंखोटं देवी जाणे. चिंचणीचे माझे सासरेही त्यांच्या गावाचं हेच सांगायचे, फक्त त्यांचे भाऊ पाच होते.

मला आठवतं ते एवढंच. घरं दोन ओळींत, समुद्राकडे तोंड करून. मधे मोकळी जागा, तिथे बांबू बांधून केलेल्या वलांडीवर बोंबील वाळत घातलेले. पाहुणा आला की पहिले दोन दिवस नाकाला रुमाल लावायचा, तिसऱ्या दिवशी आमच्याइतकाच जेवायचा. देऊळ मधोमध. त्याचा कळस पांढरा रंगवलेला, तो देवीसाठी कमी आणि आमच्यासाठी जास्त. समुद्रावरून परत येताना कळस बघायचा आणि खडकांमधली वाट धरायची. विहीर मागच्या अंगाला, जमिनीच्या बाजूला. समुद्र एवढा जवळ असून पाणी गोड. पुरुष तिकडे फारसे जायचे नाहीत. विहीर बायकांची, किनारा आमचा, असंच होतं.

एक रीत आमच्या गावात होती. आजूबाजूच्या गावांत ती नव्हती, ते आम्हाला हसायचे. नवी सून घरात आली की सासू तिच्या हातून अंगणाच्या कडेला माडाचं रोप लावून घ्यायची. तो सुनेचा माड. त्याचे नारळ तिचे. ती विकेल, खाईल, माहेरी धाडेल, कोणी विचारायचं नाही. नवऱ्यानेसुद्धा नाही. नारळी पुनवेला नवऱ्याच्या होडीतून समुद्राला जायचा तो नारळ मात्र बायकोच्याच माडाचा. बाई गेली, तर तिच्या वर्षश्राद्धाला तिच्याच माडाचा नारळ आपल्या किनाऱ्यावरून समुद्रात सोडायचा. मग ती सुटली, असं म्हणायचे. माझ्या आईचा असाच सोडला, आजीचाही.

त्या दोघींचे माड पुढे वादळात पडले, आमच्या अंगणात दोन माड उरले. एक माझ्या वहिनीचा, म्हणजे थोरल्या भावाच्या बायकोचा. दुसरा आमच्या हिचा. ही नंतर आली तेव्हा आईने जागा बघितली नाही, वहिनीच्या रोपाशेजारीच हातभरावर खड्डा काढायला लावला. झाडं वाढली तशी भांडणं वाढली. हिच्या झावळ्या वहिनीच्या वलांडीवर पडायच्या, बोंबील मातीत जायचे. वहिनीचे नारळ गोड, हिचे जरा मचूळ, हे सगळ्या गावाला माहीत होतं आणि वहिनी ते कोणाला विसरू द्यायची नाही. एकदा भर अंगणात ही म्हणाली, "मेले तरी तुज्या नारलाचं पानी पिनार नाय." वहिनी म्हणाली, "मेल्यावर कोण देतंय तुला!" आम्ही दोघे भाऊ जाळं विणत बसलो होतो. मान वर केली नाही.

मग विजेचा प्रकल्प आला. आला म्हणजे शेजारी होताच, तो वाढला. माणसं फिती घेऊन आली आणि अंगणं मोजू लागली. आधी आम्हाला गंमत वाटली. पोरं फितीचं टोक धरायला पुढे धावायची. मग कळलं की मोजताहेत ते घालवायला. भांडलो, रस्त्यावर बसलो, कोर्टात गेलो, शेवटी उठलो. मी कोणाला नावं ठेवत नाही. वीज माझ्याही घरात जळते.

जाताना लोकांनी काय काय नेलं. दारं काढली, कौलं उतरवली, पाटे-वरवंटे, तुळशी, देव. एकाने उंबरा उखडून नेला. नव्या घरात तो कुठे बसेना, म्हणून त्यावर अजून कपडे आपटतात. माड नेता येत नाहीत. बायका आपापल्या झाडाला हळद लावून गेल्या. यंत्र घरं पाडायला आलं तेव्हा ही बघायला गेली नाही. मी गेलो. फार वेळ लागला नाही.

नवी वसाहत समुद्रापासून आत, रस्त्याच्या कडेला. चिठ्ठ्या टाकून घरं वाटली. आम्ही एका टोकाला, वहिनी दुसऱ्या टोकाला. मला वाटलं, आता तरी भांडणं मिटली. कसली मिटतात! ही रोज संध्याकाळी कामं आटपून तिकडे चालत जायची आणि तिथे बसून भांडून यायची. थोरला भाऊ लवकर गेला. त्यानंतर तर जेवायलाही तिकडेच बसायची.

वसाहतीत वारा कुठून येतो तेच समजायचं नाही. बोंबील वाळत घातले की कुजायचे. पुढे बायकांनी नादच सोडला. होडी मी दांडी गावच्या किनाऱ्याला ठेवली आणि पहाटे रिक्षाने समुद्रावर जाऊ लागलो. आमच्या बापाने रिक्षात बसून जाणारा मच्छीमार बघितला असता तर तो मेला नसता, हसतच राहिला असता. मुलगा होडीवर आला नाही. तो बोईसरला कारखान्यात लागला, दिवसभर हिंदी बोलतो. त्याचं बरोबरच आहे. समुद्रात आता आहे काय?

पण मी जात होतो. प्रकल्पाच्या जवळ होडी नेऊ देत नाहीत, लांबून वळसा घालावा लागतो. तिथून कळस दिसायचा, आणि कळसाच्या डाव्या हाताला, जरा सुटून, आमच्या अंगणाच्या जागी माडाचा माथा दिसायचा. मी घरी आलो की ही मासे नंतर बघायची. आधी विचारायची, "दिसला का?"

"दिसला."

"नारल हायत?"

"हायत. लगडलाय."

एवढं ऐकलं की तिला पुरायचं. वर्षातून एकदा, देवीच्या दिवशी, आम्हाला आत सोडतात. ही पहिल्या वर्षी गेली, घराच्या जागी रान बघून आली आणि म्हणाली, परत नाय जानार. गेलीही नाही. मी जायचो, पण देवळापर्यंतच. देवीला हात जोडायचे आणि मागे फिरायचं. पडलेलं घर एकदा बघितलं तेवढं बस झालं.

मागच्या वर्षी ही आजारी पडली. पोटात काहीतरी होतं. पालघरला नेलं, तिथून पुढे नेलं, परत आणलं. मी होडीवर जायचं बंद केलं, तरी ती डोळे उघडले की विचारायची, "दिसला का?" मी म्हणायचो, दिसला. वहिनी उशाशी बसलेली असायची. ही तिच्याकडे मान वळवून म्हणायची, "ऐकलंस? माजा उबा हाय. तुजा कदीच आडवा झाला असंल." वहिनी काही बोलायची नाही. वहिनी आणि गप्प, याचं मला तेव्हाच नवल वाटायला हवं होतं. मला वाटलं, आजारी माणसाशी काय भांडणार. मग ही गेली.

त्यावर मी जास्त लिहीत नाही. घरात एक ताट कमी झालं आणि मासे कोणी बघेना.

तिचं वर्ष देवीच्या दिवसाच्या मागेपुढेच आलं. मुलगा म्हणाला, "बाबा, नारळ बाजारातून आणतो. चांगला मोठा आणतो." मी म्हटलं, मोठा नको, तिचा पाहिजे. गाव होतं तेव्हा कोणत्याच बाईला दुसरीच्या माडाचा नारळ दिला नाही, हिलाच का द्यायचा? सून म्हणाली, "पण आता गावच नाही ना." मी म्हटलं, माड आहे. मी रोज बघत होतो.

देवीच्या दिवशी वसाहतीतून टेम्पो निघाला. वहिनी पुढे ड्रायव्हरशेजारी बसली, गुडघे दुखतात म्हणून. उतरल्यावर काठी टेकत माझ्याजवळ आली.

"भावजी, कुटं निगाले?"

"हिचा नारल आनायला."

"तुमी बसा देवलात. मी आनते."

"तुमाला चालवत नाय आनि तुमी आनता?"

"मग कोनाला तरी सांगते."

"नको. माजं काम हाय."

ती मग म्हणाली, "जा बाबा. तुमी कोनाचं ऐकलंय कदी!"

फाटकावरच्या शिपायाने ओळखपत्रं बघितली आणि सांगितलं, "बाबा, पूजा करके जल्दी वापस. टाइम से गेट बंद होगा." आत शिरलो. देवीला नारळ वाढवला. मग मी कळसाकडे बघितलं आणि डाव्या हाताला निघालो. माझ्यासोबतचे दोन-तीन म्हातारे, सगळे होडीवाले, तेही डावीकडेच निघाले. त्यांनाही आपापली घरं बघायची होती. गवत छातीएवढं. काठीने बाजूला करत गेलो. इथे माझं घर, इथे तुझं, असं एकमेकांना दाखवत होतो. एक म्हणाला, हे माझं जोतं. दुसरा म्हणाला, तुझं कसलं, माझं आहे, ही बघ माझी पायरी. दोघांची जुंपली. मी माड शोधत होतो. माड होते, पण आमचं अंगण काही लागेना.

मागून हसू ऐकू आलं. विहिरीजवळ सगळ्या बायका उभ्या होत्या आणि पदर तोंडाला लावून हसत होत्या. एक ओरडली, "अवो, दर्याकडून आला काय? पोवत आला काय?"

तेव्हा डोक्यात उजेड पडला. आम्हा होडीवाल्यांच्या डोक्यात गाव आहे ते समुद्रावरून बघितलेलं. आमचं घर देवळाच्या डाव्या हाताला, पण ते होडीतून येताना. आम्ही आलो होतो फाटकातून, जमिनीकडून. इकडून ते उजव्या हाताला. गावात राहत होतो तेव्हा अशी चूक कधी झाली नव्हती, पाय आपोआप जायचे. घरं गेली, वाटा गेल्या, तेव्हा डोक्यात फक्त समुद्रावरचं गाव राहिलं. सगळे म्हातारे उलट्या बाजूला शिरून दुसऱ्यांच्या जोत्यांवरून भांडत होते.

बायकांना मात्र सगळं बरोबर ठाऊक होतं. विहिरीपासून.

वहिनी पुढे आली. "या इकडं. विहिरीला पाट करा."

मी पाठ केली.

"डोस्क्यावर भरलेला हंडा हाय. आता चला. धावू नका, पानी सांडंल."

"वैनी, लोक हसतायत."

"हसू द्या. आमी जनमभर वाहिलं तवा कोन हसलं नाय."

मी चाललो, ती मागून काठी टेकत सांगत आली. इथे उतार आहे, पाय जपून. इथे खाली वाका, तेव्हा तोरण होतं ना सासऱ्यांनी बांधलेलं. मी वाकलो. वर नुसतं आभाळ होतं तरी वाकलो. आता थांबा, म्हणाली. पायाखाली दगड लागला. आमची पायरी. मी ओळखली, तिचा एक कोपरा मीच फोडला होता होडीचा नांगर आपटून.

समोर दोन माड. एक भरलेला, नारळांनी लगडलेला, झावळ्या वाऱ्यावर सळसळताहेत. त्याच्या शेजारी हातभरावर नुसता खांब. माथा नाही, झावळी नाही. भुंग्याने शेंडा खाल्ला की माड असाच राहतो, वर्षानुवर्षं उभा, काळा, विजेच्या खांबासारखा. त्यात पोपटांनी भोकं पाडली होती. म्हणजे आज-काल मेलेला नव्हे.

मी म्हटलं, "हा तुमचा गेला, वैनी."

ती पायरीवर बसली, गुडघा चोळू लागली.

मी परत बघितलं. आई खड्डा काढायला सांगत होती तेव्हा कुठे उभी होती ते आठवलं. वहिनीचा पायरीच्या बाजूचा. हिचा पलीकडचा, वलांडीच्या बाजूचा.

खांब होता तो पलीकडचा.

समुद्रातून दोन माड एकातएक दिसायचे, तरी पूर्वी माथे दोन कळायचे, पुढे एकच दिसू लागला. दुसरा पडला असणार हे मला समजत होतं. पण पडला असेल तर वहिनीचाच पडला असेल, असं मी धरून चाललो. का, ते विचारू नका. माणूस आपलंच धरतो.

"तुमाला ठाऊक होतं?" मी विचारलं.

"दर वर्साला येते. डोले फुटलेत काय माजे?"

"मग तिला बोलला नाय कदी?"

"काय बोलू?" वहिनी म्हणाली. "तुज्या नवऱ्याला दिसतो तो माजा हाय, असं म्हनू? ती वर माजा आडवा झाला म्हनून हसायची. हसू दे म्हटलं. हसताना जरा जेवायची तरी."

मी तिथेच उभा राहिलो. लांबून शिट्टी वाजली. शिपाई सगळ्यांना गोळा करत होता.

वहिनीने काठीने गवत बाजूला केलं. खाली तिच्या माडाचे नारळ पडले होते, काही सुकलेले, काहींना कोंब आलेले. तिने एक उचलला, कानाशी धरून हलवला, टाकला. दुसरा उचलला, हलवला. पाणी वाजलं. तो माझ्यापुढे धरला.

"घ्या."

"तिचं बोलनं ठाऊक हाय ना तुमाला? मेले तरी पिनार नाय म्हनालेली."

"मलाच म्हनालेली. माजं-तिचं भांडन हाय, मी बगते. तुमी मदे पडू नका. कदी पडला नाय, आता कशाला?"

मी नारळ घेतला. बाजारातल्यापेक्षा हा बरा, एवढंच मनात आलं. निदान त्याच अंगणातला होता, आणि पंचवीस-तीस वर्षं दोन्ही झाडांची मुळं एकमेकांत गुंतलेली. हे मी वहिनीला बोललो नाही. ती म्हणाली असती, म्हणूनच माझा गोड आणि तिचा मचूळ, सगळं पाणी मीच ओढलं.

किनारा तिथून दोन पावलांवर. पूर्वीची वाळू कमी झाली आहे, दगड वर आलेत. मी पाण्यात घोट्यापर्यंत गेलो, हात जोडले आणि नारळ लांब फेकला. लाटेने आणून पायाशी दिला. परत फेकला. परत आला.

"बगा," वहिनी मागून म्हणाली. "नाय घेत. मेली तरी हट्टीच."

"तिचं काय नाय. भरती हाय. भरतीला टाकलेलं परत येतं."

"मग ओहोटीला टाका."

"फाटक ओहोटी बगून उगडत नाय, वैनी."

शिट्टी आता जवळ वाजली. शिपाई गवतातून येत म्हणाला, "बाबा, चलो. मेरी ड्यूटी का सवाल है." पोरगा चांगला होता. उत्तरेकडचा असावा. माझ्या हातातला नारळ आणि भिजलेलं धोतर बघून जरा थांबला आणि पाठ करून उभा राहिला.

आमच्या होड्या ज्या वाटेने निघायच्या ती खडकांमधली वाट मला ठाऊक होती. कळसाच्या समोर दोन खडक, मधे घळ. पाणी उतरू लागलं की त्या घळीतून सगळं बाहेर ओढलं जातं. वल्हं न मारता आमची होडी खोल पाण्यात जायची. मी कमरेपर्यंत उतरलो. नारळ घळीच्या आतल्या बाजूला, दगडाच्या खोबणीत ठेवला. लाट आली, तो हलला, पण तिथेच राहिला. आता पाणी फिरलं की समुद्र आपणच नेईल. बाहेर आलो.

वहिनीने समुद्राकडे तोंड करून हात जोडले. ओठ हलत होते. काय म्हणत होती ते ऐकू आलं नाही, पण लांबलचक होतं. शिव्यासुद्धा असाव्यात.

परतताना टेम्पोत ती पुढे बसली नाही. मागे माझ्याशेजारी फळीवर बसली. माझं धोतर टपकत होतं, बायका पाय वर घेऊन बसल्या होत्या. म्हातारे अजून जोत्यावरून वाद घालत होते. बेटेगावच्या बाजूला वळलो तेव्हा मी आभाळाकडे बघितलं आणि म्हटलं, "ओहोटी लागली असंल आता."

"मग गेला असंल," वहिनी म्हणाली.

जरा वेळाने तिने कोपराने ढोसलं. "कोनाचा हाय ते सांगितलंत काय तिला?"

"नाय."

"बरं केलंत," ती म्हणाली. "पिऊन होऊ दे. मग सांगू."